मध्यावरचे शहर आणि नकाशावरचे शहर

नागपूर मेट्रोच्या ऑरेंज लाइनवर खापरी सोडून शहराकडे निघाले की ‘न्यू एअरपोर्ट’ नावाचे स्थानक लागते. मार्च २०१९ मध्ये ही मार्गिका सुरू झाली. ज्या विमानतळाचे नाव या स्थानकाला दिले, तो नवा विमानतळ मात्र अजून उभा राहिलेला नाही. विमान पकडायचे असेल तर ‘एअरपोर्ट साऊथ’ मागे टाकून ‘एअरपोर्ट’ला उतरावे लागते. बाहेरगावचा माणूस इथे गोंधळेल. नागपूरकर गोंधळत नाही. मिहान, म्हणजे विमानतळाभोवतीच्या नियोजित मालवाहतूक नगराचा प्रकल्प, या शब्दासोबत या शहराची जवळजवळ एक पिढी मोठी झाली. फलक आधी लागतो आणि वस्तू मागाहून येते, आली तर, हा क्रम तिच्या अंगवळणी पडला आहे.

हा विषय आज काढायला तसेच कारण आहे. सप्टेंबर २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने ‘नवीन नागपूर’ला मंजुरी दिली. हिंगणा तालुक्यातल्या गोधणी आणि लाडगाव या गावांच्या सुमारे ६९२ हेक्टर जमिनीवर आंतरराष्ट्रीय व्यवसाय व वित्त केंद्र उभे राहणार, नागपूर महानगर प्रदेश विकास प्राधिकरण ते उभारणार, असा हा बेत आहे. चित्रे देखणी आहेत. पण मिहानचा हिशेब पूर्ण न करता दुसरी वही उघडायची असेल, तर निदान पहिल्या वहीतली शिल्लक आणि थकबाकी लोकांपुढे यायला हवी. तो हिशेब वीस वर्षांचा नाही, दीडशे वर्षांचा आहे. कारण मिहानमागची मूळ कल्पना या शतकातली नव्हेच. नागपूर देशाच्या मध्यावर आहे, म्हणून ते देशाचे केंद्र होणारच, ही ती कल्पना. या कल्पनेने नागपूरला काही वेळा भरभरून दिले आणि काही वेळा नुसते झुलवले. कधी दिले आणि कधी झुलवले, यातला फरक ओळखता आला तर ‘नवीन नागपूर’कडे कसे पाहायचे तेही कळेल.

सुरुवात झिरो माइलपासून करू. सिव्हिल लाइन्सकडे जाताना दिसणारा तो वालुकाश्माचा खांब आणि त्याच्याजवळचे चार घोडे नागपूरच्या प्रत्येक पर्यटन पुस्तिकेत असतात, आणि ‘इथे भारताचा मध्यबिंदू’ हे वाक्यही असते. वस्तुतः १९०७ ची ही खूण ग्रेट ट्रिगोनोमेट्रिकल सर्व्हेची, म्हणजे समुद्रसपाटीपासूनची उंची मोजण्याच्या कामातली. भौगोलिक मध्यबिंदूचा मान सहसा मध्य प्रदेशातल्या कटनी जिल्ह्यातल्या करौंदी गावाला दिला जातो. त्याहून बोलका आहे खांबाजवळचा षट्कोनी दगड. त्यावर अंतरे कोरली आहेत: हैदराबाद ३१८ मैल, जबलपूर १७०, चांदा १२५, बैतूल १०१, छिंदवाडा ८३, शिवनी ७९. मुंबई नाही, दिल्ली नाही, कलकत्ता नाही. हैदराबाद सोडले तर सगळी नावे आसपासच्या मुलखातली, जिथून बैलगाडीने कापूस, धान्य आणि लाकूड नागपूरच्या बाजारात येई. दगडाला नागपूर ज्या मुलखाचे केंद्र वाटले तो मुलूख हा होता. देशाचे केंद्र ही पदवी आपण मागाहून लावून घेतली.

त्या जवळच्या मुलखाच्या जिवावर नागपूर खरोखर मोठे झाले. अठराव्या शतकाच्या सुरुवातीला गोंड राजा बख्त बुलंद शाहने बारा वाड्या एकत्र करून हे शहर वसवले. पुढे रघूजी भोसल्यांनी राजधानी केली, १८५३ साली वारस नसल्याचे निमित्त करून इंग्रजांनी राज्य खालसा केले, आणि १८६१ मध्ये नागपूर मध्य प्रांताची राजधानी झाले. १८६७ साली मुंबईहून ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे इथवर पोचली. पुढची दोन दशके पुरी होईतो बंगाल नागपूर रेल्वे स्थापन झाली आणि कलकत्त्याच्या वाटेची बांधणी सुरू झाली. १९२९ च्या सुमारास बल्लारशा-काझीपेठ दुवा जोडला गेला, तेव्हा दिल्ली-मद्रास मार्गही नागपूरवरून सरळ जाऊ लागला. पूर्व-पश्चिम आणि उत्तर-दक्षिण रूळ एकमेकांना छेदतात त्या डायमंड क्रॉसिंगचा नागपूरकरांना रास्त अभिमान आहे.

पण रूळ छेदतात म्हणून शहर श्रीमंत होत नाही. इटारसी, भुसावळ, मनमाड ही जंक्शने मोठी. तिथे गाडी बदलतात आणि लोक पुढे जातात. नागपूरचे तसे झाले नाही, याचे एक कारण जमशेटजी टाटा. १८७४ मध्ये त्यांनी पंधरा लाख रुपये भांडवलाची सेंट्रल इंडिया स्पिनिंग, वीव्हिंग अँड मॅन्युफॅक्चरिंग कंपनी काढली, तेव्हा गिरणी म्हटली की मुंबई, असाच समज होता. टाटांनी मुंबई सोडली आणि जुम्मा तलावाशेजारची दलदलीची जागा घेतली. कापूस हिंगणघाट आणि वऱ्हाडचा, कोळसा वरोऱ्याचा, गिऱ्हाईक आसपासच्या विणकरांचे, आणि माल न्यायला रेल्वे दाराशी. दलदल भरून काढायला गाड्याच्या गाड्या माती पडू लागली तेव्हा गावातल्या एका मारवाडी सावकाराने कर्ज नाकारले. हा माणूस सोने मातीत घालतो आहे, असे त्याचे मत पडले. पुढे त्यानेच कबूल केले, की टाटांनी जमिनीत घातली ती माती, आणि काढले ते सोने. १ जानेवारी १८७७ ला, व्हिक्टोरिया राणी हिंदुस्थानची सम्राज्ञी म्हणून जाहीर झाली त्या दिवशी, सुमारे तीस हजार चात्या आणि साडेचारशे मागांनिशी एम्प्रेस मिल सुरू झाली. ती २००२ पर्यंत या ना त्या रूपात टिकली. सव्वाशे वर्षे.

एम्प्रेस मिलची गोष्ट इथे सांगितली ती आठवणीचे उमाळे काढायला नव्हे. तिच्यात मध्यवर्ती स्थानाचा उपयोग कसा झाला ते पाहा. टाटांनी नागपूर निवडले ते भारताच्या मध्यावर आहे म्हणून नाही, कापसाच्या मध्यावर आहे म्हणून. कच्चा माल, इंधन, मजूर आणि बाजार या चारही गोष्टी गिरणी बांधण्याआधी तिथे होत्या. गिरणीने त्यांना एकत्र आणले, एवढेच. आधी पसारा आणि मग गिऱ्हाइकाची वाट, असा प्रकार नव्हता.

दुसरा प्रसंग स्वतंत्र भारतातला, आणि मिहानचा खरा पूर्वज तोच. १९४९ च्या जानेवारीअखेर रात्रीची हवाई टपालसेवा सुरू झाली. मुंबई, दिल्ली, कलकत्ता आणि मद्रास या चारही शहरांतून संध्याकाळनंतर विमाने निघत, मध्यरात्रीच्या सुमाराला नागपूरच्या सोनेगाव विमानतळावर एकत्र जमत, टपालाच्या थैल्यांची आणि प्रवाशांची अदलाबदल करत आणि पहाटेपर्यंत आपापल्या गावी परतत. कलकत्त्यात संध्याकाळी टाकलेले पत्र दुसऱ्या दिवशी मुंबईत. त्याच वर्षी १ एप्रिलपासून रफी अहमद किडवाईंच्या दळणवळण खात्याने साधी पत्रेही जादा आकार न घेता विमानाने न्यायला सुरुवात केली. देश नुकताच फाळणीतून बाहेर आलेला, रेल्वे खिळखिळी झालेली, विमाने म्हणजे महायुद्धातून उरलेले डकोटा. एवढ्या भांडवलावर सगळ्या देशाचे टपाल एका रात्रीत फिरवण्याचा हा खटाटोप होता. तो फुकट नव्हता. डिसेंबर १९५३ मध्ये अशाच एका रात्री सोनेगावहून उडालेले टपाल विमान इंजिन बिघडून कोसळले आणि माणसे गेली. सेवा मात्र चालू राहिली आणि सत्तरच्या दशकात बंद होईतो तिने दोन दशकांहून जास्त काळ काम केले.

इथे काळाने एक थट्टा केली आहे. एप्रिल १९७३ मध्ये, नागपूरची रात्रीची सेवा मावळतीला लागली होती त्याच सुमारास, अमेरिकेत मेम्फिस शहरातून फेडरल एक्सप्रेस नावाच्या कंपनीने चौदा लहान विमानांनिशी रात्रीची पार्सलसेवा सुरू केली. पद्धत तीच: सगळ्या शहरांतला माल रात्री एका मधल्या शहरात आणायचा, वर्गवारी करायची, पहाटेच्या आत परत पाठवायचा. पहिल्या रात्री पार्सले होती १८६. मेम्फिस पुढे जगातल्या सर्वांत मोठ्या मालवाहू विमानतळांपैकी एक झाले. नागपूरने चोवीस वर्षे आधी केलेला प्रयोग मेम्फिसने जगाला विकला, आणि तीस वर्षांनी आपण मेम्फिसकडे बोट दाखवून म्हणालो, आम्हालाही तसे व्हायचे आहे.

फरक कुठे पडला? मेम्फिसमध्ये आधी माल होता, मग इमारती वाढल्या. एक रात्र, १८६ पार्सले, मग दुसरी रात्र. सोनेगावलाही तसेच झाले: आधी थैल्या, मग धावपट्टीवरचे दिवे. मिहानचा प्रवास उलट्या दिशेने सुरू झाला.

मिहान म्हणजे मल्टिमोडल इंटरनॅशनल कार्गो हब अँड एअरपोर्ट अ‍ॅट नागपूर. नव्वदच्या दशकात अमेरिकी अभ्यासक जॉन कसार्डा विमानतळाभोवती उभ्या राहणाऱ्या नगरांविषयी बोलू लागले होते. एकोणिसाव्या शतकात रेल्वेने जे केले ते एकविसाव्यात विमानतळ करतील, असा त्यांचा सिद्धांत. जगभरातल्या नगरनियोजकांना तो पटला आणि राजकारण्यांना फारच पटला. महाराष्ट्र सरकारने २००२ मध्ये महाराष्ट्र विमानतळ विकास कंपनी स्थापन केली आणि या नव्या नगराचे काम तिच्याकडे दिले. चार हजार हेक्टरांहून अधिक जमीन, त्यातले सुमारे दोन हजार हेक्टर विशेष आर्थिक क्षेत्र, म्हणजे सेझ. जुन्या ३,२०० मीटरच्या धावपट्टीशेजारी ४,००० मीटर लांब आणि ६० मीटर रुंद दुसरी धावपट्टी. वर्षाला १ कोटी ४० लाख प्रवासी आणि ८ लाख ७० हजार टन माल. रस्ता, रेल्वे आणि विमान एका जागी आणणारे टर्मिनल, आयटी पार्क, आरोग्यनगरी, निवासी वसाहती, स्वतःचा वीजप्रकल्प. बंगळूर आणि हैदराबाद ज्या वर्षांत भराभर वाढत होते, त्या वर्षांत विदर्भाला प्रथमच असे काही दाखवले गेले, ज्यासाठी पुण्या-मुंबईला जावे लागणार नव्हते. त्याचे मोल कमी लेखू नये. १९५६ साली राजधानीपद गेल्यानंतर, १९५३ च्या नागपूर करारात विदर्भाला दिलेल्या आश्वासनांची वाट पाहत बसलेल्या शहराला मिहानने पुन्हा स्वतःबद्दल मोठे बोलायला शिकवले.

पुढचे काही टप्पे खरेही झाले. २००५ मध्ये विमानतळाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव मिळाले, १४ एप्रिल २००८ ला नवी टर्मिनल इमारत सुरू झाली. एअर इंडियाने ६८ विमानांची मागणी नोंदवली तेव्हा बोइंगने त्या व्यवहारात विमान देखभाल-दुरुस्ती केंद्र उभारण्याचे कबूल केले आणि ते नागपूरला आले. सत्यमने जमीन घेतली. वर्धा रोडवर रोज नवा फलक लागू लागला.

मग एकेक कडी निखळत गेली. २००८ चे जागतिक मंदीचे वर्ष. जानेवारी २००९ मध्ये सत्यमचा ताळेबंद खोटा असल्याची कबुली खुद्द तिच्या प्रमुखांनी दिली आणि कंपनी कोसळली. सेझचा सगळा आकर्षकपणा करसवलतीत होता. २०११ च्या अर्थसंकल्पाने सेझमधल्या उद्योगांना आणि विकासकांनाही किमान पर्यायी कर लावला आणि दिल्लीत झालेल्या त्या निर्णयाचे पडसाद मिहानच्या खापरीत उमटले. मिहानसाठी बांधलेला २४६ मेगावॅटचा औष्णिक वीजप्रकल्प उभा राहिला, पण आर्थिक अडचणीत येऊन बंद पडला, आणि स्वस्त विजेच्या भरवशावर आलेल्या कारखान्यांना इतरत्र वीज शोधावी लागली. हवाई दलाशी जमिनीच्या अदलाबदलीचा प्रश्न वर्षानुवर्षे फायलींतून फिरत राहिला. बोइंगचे देखभाल केंद्र सुरू व्हायला २०१५ उजाडले.

विमानतळाचे खासगीकरण तर एखाद्या जुन्या भाऊबंदकीसारखे लांबले. २०१९ मध्ये जीएमआर कंपनीची निविदा मान्य झाली. मार्च २०२० मध्ये सरकारने ती रद्द केली. ऑगस्ट २०२१ मध्ये उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने रद्द करण्याचा निर्णय रद्द केला. मे २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल कायम ठेवला. उपचारात्मक याचिकाही झाली, आणि सप्टेंबर २०२४ मध्ये तीही निकालात निघाली. ९ ऑक्टोबर २०२४ ला सुमारे ७ हजार कोटींच्या विस्तारीकरणाचे भूमिपूजन पंतप्रधानांच्या हस्ते दूरदृश्य प्रणालीद्वारे झाले. मिहानची कंपनी स्थापन होऊन तेव्हा बावीस वर्षे झाली होती. त्या वेळी विमानतळाची वार्षिक प्रवासीसंख्या होती तीस लाखांच्या आसपास, आणि माल काही हजार टन.

मंदी, कर, कोर्टकचेऱ्या ही कारणे खरी आहेत, पण ती वरवरची आहेत. मूळ प्रश्न अधिक साधा होता: मध्यवर्ती विमानतळावरून नेणार काय? सोनेगावला डकोटा उतरत, कारण चार महानगरांची पत्रे एकमेकांना देण्याची ती सर्वांत सोयीची जागा होती. आज दिल्लीहून चेन्नईला जाणारे जेट नागपूरच्या डोक्यावरून उडते, नागपूरच्या हवाई नियंत्रकांशी बोलते आणि पुढे जाते. खाली उतरायचे त्याला कारण नाही. भारतातला बराचसा विमानमाल प्रवासी विमानांच्या पोटातून जातो, म्हणजे जिथे विदेशी उड्डाणे जास्त तिथेच तो जातो. मुंबई-दिल्लीचा हा फायदा नुसत्या नकाशाने हिरावून घेता येत नाही. आणि विदर्भाचा स्वतःचा माल? संत्र्याचे उदाहरण घ्या. वरूड-मोर्शीच्या बागांतला संत्रा परदेशात जातो तो मुख्यतः बांगलादेशात, ट्रकने, पेट्रापोलच्या सीमेवरून. बांगलादेशाने आयातशुल्क वाढवत नेले तेव्हा बागायतदार अडचणीत आला, आणि त्या अडचणीत चार हजार हेक्टरचा कार्गो हब त्याच्या काही कामी आला नाही. शीतसाखळी, प्रतवारी, प्रक्रिया, टिकणारे वाण ही कामे बागेपासून सुरू व्हावी लागतात. एम्प्रेस मिलने कापसापासून सुरुवात केली होती. मिहानने धावपट्टीपासून केली.

हे नागपुरातच घडले असे नाही. स्पेनमध्ये सिउदाद रियल शहराजवळ शंभर कोटी युरोंहून जास्त खर्चून विमानतळ बांधला, माद्रिदचा भार हलका होईल आणि भोवती नगर वसेल या हिशेबाने. २००८ च्या अखेरीस उघडला, २०१२ मध्ये बंद पडला. आपल्याकडे नवी मुंबईचे उदाहरण आहे. चार्ल्स कोरिया, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल यांनी १९६४-६५ मध्ये खाडीपलीकडच्या शहराची कल्पना मांडली, १९७० मध्ये ते उभारणारी सिडको ही सरकारी कंपनी आली. सरकारी कचेऱ्या तिकडे गेल्या की मुंबईचा कल बदलेल, हा त्या योजनेचा प्राण होता. मंत्रालय हलले नाही. उलट नरिमन पॉइंटला भराव घालून बुरुज चढले. नवी मुंबई वसली, लाखो लोक तिथे राहतात, पण योजनाकारांनी मागितलेले शहर ते नव्हे.

नवी मुंबईचे उदाहरण हा प्रतिवादाचा मुद्दाही आहे आणि तो टाळता येणार नाही. शहरे पाच-दहा वर्षांत होत नाहीत. नवी मुंबईला पन्नास वर्षे लागली, मग मिहानला वीस वर्षांत नापास का करता? शिवाय मिहान रिकामे नाही. टीसीएस, एचसीएल, इन्फोसिस इथे आहेत. दासॉ-रिलायन्सचा कारखाना विमानांचे भाग बनवतो. भारतीय व्यवस्थापन संस्थेचा दहेगावातला परिसर मे २०२२ मध्ये सुरू झाला, डिसेंबर २०२२ मध्ये एम्सचे उद्घाटन झाले. २०१६ मध्ये भूमिपूजन झालेला पतंजलीचा फूड पार्क २०२५ मध्ये सुरू झाला. चंद्रपूर-गडचिरोलीच्या रुग्णाला आज एम्समध्ये उपचार मिळतात, ही मोठीच गोष्ट आहे.

हे सगळे मान्य. पण यादी नीट वाचली तर दिसते, की जे आले त्यातले बरेचसे कार्गो हबमुळे आलेले नाही. एम्स आणि आयआयएम केंद्राच्या निर्णयाने आल्या. जमीन हाताशी होती म्हणून इथे बसल्या. आयटी कंपन्या नागपूर-अमरावतीच्या अभियांत्रिकी महाविद्यालयांतून निघणाऱ्या मुलांसाठी आल्या. आणि मध्यवर्ती स्थानाचा खरा लाभ झाला तो दुसऱ्याच वाटेने: जुलै २०१७ मध्ये जीएसटी आला, राज्याराज्यांच्या नाक्यांवरचे अडथळे गेले, आणि देशभर माल पाठवणाऱ्यांना मध्यावर गोदाम असण्याचा अर्थ कळला. नागपूरभोवतीची गोदामे वाढली ती रस्त्याच्या जोरावर. जून २०२५ मध्ये ७०१ किलोमीटरचा समृद्धी महामार्ग पूर्ण खुला झाला तेव्हा त्यात भर पडली. म्हणजे नागपूरचे मध्यवर्तीपण कामी येते, पण ते ट्रकच्या आणि माणसांच्या हिशेबाने, जंबो जेटच्या नव्हे. आराखड्याने जी गोष्ट केंद्रस्थानी धरली तीच मागे राहिली, आणि जिला त्यात जेमतेम जागा होती तिने जीव धरला.

शहराला अशी उत्क्रांती परवडते. ज्याची जमीन गेली त्याला ती परवडत नाही. शिवणगाव, चिंचभवन, जयताळा, भामटी, खापरी, तेल्हारा, दहेगाव, कलकुही या गावांच्या सातबाऱ्यांवर मिहान बसले आहे. वाढीव मोबदला, घेतलेल्या जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड, गावठाणाचे पुनर्वसन यांसाठी प्रकल्पग्रस्तांनी मोर्चे काढले, उपोषणे केली. साडेबारा टक्क्यांचा हा हक्कसुद्धा फुकट मिळालेला नाही. १९८४ च्या जानेवारीत उरण परिसरातल्या शेतकऱ्यांवर पोलिसांनी गोळीबार केला, पाच जण मेले, दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली लढा झाला, तेव्हा कुठे नवी मुंबईत तो रुजला. शेतकऱ्याच्या हातून जमीन एका दिवसात जाते, आणि तिच्यावर काय होणार हे ठरायला वीस वर्षे लागतात. मधल्या काळात ती ना शेत राहते, ना कारखाना होते. मिहानमध्ये भूखंड घेतलेल्या उद्योगाने मुदतीत बांधकाम केले नाही, की नोटीस निघते, मुदतवाढ मिळते, परत नोटीस निघते. शेतकऱ्याला असली मुदतवाढ कधी मिळाली नाही.

या दोघांच्या मधे एक तिसरा माणूस आहे, त्याच्याकडे कोणी पाहत नाही. तो म्हणजे नागपूरचा मध्यमवर्गीय प्लॉटधारक. बेसा, बेलतरोडी, जामठा, बुटीबोरीपर्यंत ले-आऊट पडले. एनए-टीपी (बिगरशेती आणि नगररचना मंजुरी) आहे का, एनआयटीचे (नागपूर सुधार प्रन्यासचे) आरएल, म्हणजे रिलीज लेटर, मिळाले का, हे दोन प्रश्न नागपुरी माणूस लग्नाच्या बोलणीइतक्या गांभीर्याने विचारतो. पण मिहानच्या नावापुढे ते प्रश्नही लंगडे पडले. ‘मिहानपासून पाच मिनिटे’ या एका ओळीवर शिक्षकांनी, बँकेतल्या कारकुनांनी, निवृत्तीवेतनधारकांनी भविष्यनिर्वाह निधीतले पैसे घातले. ज्या ले-आऊटमध्ये अजून रस्ता नाही, नळ नाही, तिथे दगडाच्या खुणा गवतात गेल्या आहेत. मोठ्या स्वप्नाची किंमत फक्त सरकारी तिजोरी देते असे मानणे चूक आहे. ती अशा शेकडो घरांच्या अडकलेल्या बचतीतही दिली जाते, आणि ती कुठल्या लेखापरीक्षणात दिसत नाही.

आता ‘नवीन नागपूर’कडे वळू. मोठे स्वप्न पाहू नका, असे सांगण्याचा हेतू नाही. एम्प्रेस मिल, रात्रीची टपालसेवा ही दोन्ही तेव्हाच्या मानाने मोठीच स्वप्ने होती. पण त्यांत आणि मिहानमध्ये क्रमाचा फरक आहे, आणि तोच आता कायद्यात व करारात लिहिला गेला पाहिजे.

पहिली गोष्ट: जमीन टप्प्याटप्प्याने घ्या. आधीच्या टप्प्यावर खरोखर उभे राहिलेले काम आणि रोजगार दिसल्याशिवाय पुढच्या टप्प्याची अधिसूचना काढू नका. मिहानचे बरेचसे संपादन जुन्या कायद्याच्या काळात सुरू झाले. २०१३ च्या भूसंपादन कायद्यातले कलम १०१ सांगते, की ताबा घेतल्यापासून पाच वर्षे जमीन वापराविना राहिली तर ती मूळ मालकाला किंवा सरकारच्या भूमिबँकेत परत जावी. ‘नवीन नागपूर’मध्ये भूमिबँकेची ही पळवाट मालकाच्या बाजूने बंद करा: परत जायची तर ती गोधणी-लाडगावच्या शेतकऱ्याकडेच जावी.

दुसरी: दरवर्षी एक जाहीर ताळेबंद. किती हेक्टर घेतले, किती दिले, किती बांधले, किती लोक कामाला लागले, त्यांतले किती प्रकल्पग्रस्त कुटुंबांतले. हा अहवाल हिवाळी अधिवेशनात, नागपूरच्याच विधानभवनात, पटलावर ठेवावा. अधिवेशन दरवर्षी येते आणि जाते. त्याला एखादे कायमचे काम मिळाले तर बिघडणार नाही.

तिसरी, आणि सर्वांत महत्त्वाची: आधी काय आहे ते मोजा. नागपुरात आज वित्तीय सेवांचे काम कोण करते, किती मुले त्यासाठी पुण्याला आणि हैदराबादला जातात, त्यांना परत आणायला काय लागेल, याचे उत्तर इमारतीच्या चित्रात नाही. गांधीनगरजवळची गिफ्ट सिटी आधीच उभी आहे, मुंबई आहे. तिसरे वित्त केंद्र नागपुरात कशाच्या बळावर चालणार, याचे उत्तर ‘मध्यावर आहोत’ एवढेच असेल, तर ते उत्तर आपण एकदा दिलेले आहे आणि त्याचे काय झाले ते खापरीत दिसते आहे.

मध्यवर्तीपण हे भांडवल आहे, पण व्याज त्यावर आपोआप चढत नाही. त्यावर कमाई झाली त्या प्रत्येक वेळी पोत्यात कापूस, थैलीत पत्रे किंवा ट्रकमध्ये माल आधी होता. ‘नवीन नागपूर’च्या फाइलवर सही करणाऱ्यांनी आधी त्या पोत्यात काय आहे ते दाखवावे. दाखवता आले नाही, तर गोधणी-लाडगावच्या शेतकऱ्याने सही करायला नकार द्यावा, आणि शहराने त्याच्या बाजूने उभे राहावे.